पान माघारी आलं

आमच्या घरातून नदी दिसत नसे, फक्त ऐकू येई. मागच्या भिंतीपलीकडे गायरान, त्यापुढे बाभळींचा दाट पट्टा आणि त्याच्याही खाली वाकी. नकाशावर बोट ठेवून दाखवावी अशी ती नदी नव्हेच. अंबडच्या अंगाला टेकड्यांत कुठंतरी निघायची, सपाटीवर आली की शाळा चुकवणाऱ्या पोरीसारखी वळणं घेत घेत कुंभार पिंपळगावच्या बाजूनं खाली जायची आणि गंगेला मिळायची. गोदावरीला आम्ही गंगाच म्हणतो. आणखी एक गंगा असते हे शाळेत कळलं तेव्हा मी मास्तरांनाच खोटं ठरवलं होतं. उन्हाळ्यात आम्ही वाकीच्या वाळूत झिरे उकरून करवंटीनं पाणी भरायचो. त्या दिवसांत तिला कोणी भीत नसे. भीती सुरू व्हायची ती पुढे, ओढे तिला येऊन मिळायला लागले की.

तीन ओढे होते आणि तिघांचे आवाज वेगळे. खारी वरून, चुनखडीच्या रानातून यायची. तिचं पाणी ताकासारखं पांढुरकं, आणि ती आली की तळाचे गोटे खडखडायचे. बोरीचा ओढा काळ्या रानातला, तो जात्यासारखा घरघरायचा. तिसरी लेंडी. ती आमच्याच शिवारात उगवून, नदी ओलांडायच्या उताराच्या जराशी वर, आमच्याच काठानं वाकीला मिळायची. तिला आवाज म्हणून नव्हताच. जेवताना दादा मधेच हात थांबवायचे. ताटात भाकरी, अंबाडीची भाजी, वर लसणाची फोडणी, आणि सगळं घर घास तोंडात धरून भिंतीकडे कान लावून बसलेलं. "खारी हाय," दादा म्हणायचे, की माय सुटकेचा श्वास सोडून पुन्हा भाकरी थापायला लागायची. खारीचं पाणी जेवढ्या जल्दी येई, तेवढ्या जल्दी उतरे.

मला वाटायचं, ही विद्या मलाही येते. एका संध्याकाळी मी छातीठोकपणे जाहीर केलं, "बोरीचा ओढा आला! लई मोठा!" मायनं घाईघाईनं शेरडं आत घेतली, दादा कंदील घेऊन निघाले. बोरीचा ओढा म्हणजे गावातली पिठाची गिरणी निघाली. तिचं इंजिन त्याच दिवशी दुरुस्त झालं होतं. पुढं कितीतरी दिवस गावातल्या बाया मला विचारायच्या, "बबे, आज कोन्ता ओढा दळून राह्यला?" तरी माझा तोरा काही उतरला नाही. विहिरीत कमरेला भोपळा बांधून हातपाय मारायचे, त्यालाही मी पोहणं म्हणत असे.

ठकूआत्या ही दादांची थोरली बहीण. तरुणपणीच नवरा गेला आणि ती आमच्याकडेच राहिली, ती कायमची. तिचे मालक, म्हणजे आमचे मामा, वाकीत गेले एवढंच आम्हा पोरांना माहीत. तेव्हापासून तिनं नदीत पाऊल घातलं नव्हतं. धुणंसुद्धा विहिरीवर. बाभळींच्या पट्ट्यापर्यंत यायची आणि तिथंच थांबायची, पुढं कुणी दोर लावून ओढलं तरी हलायची नाही. पण पलीकडे निघालेल्या प्रत्येकाला, मग तो घरचा असो की वाटसरू, ती एकच सांगे: "पळसाचं पान सोडून बघा. गंगेकडं गेलं तर पान्यात पाऊल घाला. माघारी आलं तर बसून राहा." का, ते सांगत नसे. गाव हसायचं. मी तर तिची नक्कल करण्यात पटाईत होते. पदर तोंडाशी धरून, मान हलवत, "पान सोडा गं बाया," म्हटलं की पोरी लोळायच्या.

तिच्याबद्दल एक वदंताही मी उठवली होती. पोळ्याच्या दिवशी घरात पुरण शिजायचं, सगळ्यांची जेवणं व्हायची, आणि ठकूआत्या एक पोळी फडक्यात बांधून एकटीच लेंडीच्या वाटेनं रानात जायची. विचारलं तर म्हणे, "शेण बघून येते." सणाच्या दिवशी शेण? मी पोरींना सांगून टाकलं, की आत्या बाभळीआड बसून पोळी चोरून खाते, तुपासकट. सगळ्यांना ते बिलकुल पटलं. मलाही पटलं. स्वतःच्या थापेवर पहिला विश्वास माझाच बसायचा.

त्या वर्षी माझी मोठी बहीण, अक्का, पहिलटकरीण होती. तिचं सासर वाकीच्या पलीकडे, बैलगाडीनं अर्ध्या दिवसाची वाट. सातवा महिना सरत आलेला. आठव्यात पोटुशीला हलवायचं नाही, आणि अमावास्येला तर तिनं शीवही ओलांडायची नाही. पोळा अमावास्येचाच. म्हणून अमावास्येच्या आदल्या दिवसापर्यंत तिला घरी आणायचीच, असं ठरलं. दादांनी गाडी जुंपली. मायनं गाडीत कडब्याच्या पेंढ्या रचल्या, त्या हलू नयेत म्हणून चऱ्हाटानं एकमेकींना आवळून बांधल्या आणि वर दोन गोधड्या टाकल्या. दादा कुरकुरले, "आगं, बैलांनी काय खायाचं मंग? उरलाय का कडबा?" माय म्हणाली, "पोरीच्या पोटाला हिसके बसले तर बैल येनारेत का बाळंतपनाला?" मलाही बरोबर घेतलं, कारण अक्काला सोबत हवी होती आणि मी घरात असण्यापेक्षा नसण्याचा मायला फायदा जास्त. ठकूआत्या बाभळींपर्यंत आली. माझ्या परकराच्या ओच्यात तिनं पळसाची पानं कोंबली. "येताना पान सोड, बबे. इसरू नको." मी मान डोलावली आणि पाठ वळताच तिची नक्कल करून दादांना हसवलं.

जाताना वाकीचं पाणी घोट्याएवढं होतं. अक्काच्या सासरी मुक्काम केला. सासूनं तिची ओटी भरली, बरोबर धपाटे, दही आणि शेंगदाण्याची चटणी दिली, आणि आम्ही सकाळी निघालो. आमच्या डोक्यावर स्वच्छ ऊन. पण उताराला येऊन पाहतो तर वाकी दोन्ही काठ भरून धावतेय. वर अंबडकडे पाऊस झाला असणार. पाण्यात खारीची पांढरी धार वेगळी दिसत होती आणि गोट्यांचा खडखडाट असा, की एकमेकांशी बोलायला ओरडावं लागे. पलीकडे आमच्या काठावर बैल धुवायला आलेली माणसं थांबून राहिली होती. दादांनी लिंबाखाली गाडी सोडली. आम्ही धपाटे खाल्ले. अक्का पेंढ्यांवर रेलून पाय चोळत होती. मी तिला गावच्या बातम्या सांगत होते, त्यातल्या काही खऱ्या होत्या.

ऊन कललं आणि आवाज थांबला.

हळूहळू कमी झाला असता तर मला काही वाटलं नसतं. कुणीतरी तोंडावर हात ठेवावा तसा तो थांबला. गोट्यांचा खडखडाट नाही, घरघर नाही. लिंबावर घुमणारे व्हले ऐकू यायला लागले. पलीकडच्या बैलांच्या गळ्यातल्या घाटी ऐकू आल्या, जशा काही हाताच्या अंतरावर. आवाज थांबला म्हणजे पूर उतरला, हा आमच्या गावाचा पिढ्यांचा हिशेब. सगळं घर भिंतीला कान लावून तेच तर शिकलेलं. दादा उठले, काठावर गेले, बराच वेळ पाहत राहिले. "पानी हाय अजून. पन जोर न्हाई," ते म्हणाले. "बैल बराबर पार करत्यात. बबे, ते पान सोड बरं. न्हाई तर तुही आत्या घरात घेनार न्हाई."

मी पान सोडलं. हिरवंगार पान पाण्यावर बसलं, जागच्या जागी एक गिरकी घेतली, आणि अंबडकडे निघालं. सावकाश. मला हसूच आलं. "दादा, पान माघारी आलं! आत्याची नदी येडी झाली!" दादाही हसले. "वारं हाय. दुसरं सोड." मी दुसरं सोडलं. तेही पहिल्याच्या मागे गेलं. आता मी हसले नाही. वारा होता खरा, पण तो माझ्या परकराला पुढे ढकलत होता, गंगेच्या अंगाला. हे मला दिसलं, मी ते म्हटलंही: "वारं तर इकडं चाल्लंय, दादा." दादांनी आभाळाकडे पाहिलं, पाण्याकडे पाहिलं. ते थांबले असते. पण गाडीतून अक्का म्हणाली, "दादा, उद्या अवस हाय. मंग आठवा लागतो. ते मला पुन्हा पाठवनार न्हाईत." तिचा आवाज रडायच्या बेतात होता. ओटी भरून निघालेली लेक माघारी तरी कशी न्यायची? दादांनी बैल जुंपले.

आधी चाकं बुडाली, मग आस. ओढ बिलकुल नव्हती. बैल शहाण्यासारखे चालत होते आणि मी अक्काला सांगत होते, की यापेक्षा विहिरीत जास्त पाणी असतं. तेवढ्यात बैलांचे पाय सुटले. तळ होता तिथून नाहीसा झाला. बैलांच्या माना तेवढ्या वर, नाकपुड्या फुगलेल्या. गाडीत पाणी आलं. आधी गोधडी ओली झाली, मग माझे पाय, मग अक्का म्हणाली, "दादा, पोटापाशी पानी आलं." अगदी हळू म्हणाली, जणू मोठ्यानं बोललं तर पाणी ऐकेल. दादांनी पाण्यात उडी घेतली, बैलांच्या मानेखालच्या जुपण्या ओढून सोडल्या. बैल मोकळे होऊन पोहत निघाले. गाडी एका अंगाला कलली आणि गेली. बुडताना तिनंही आवाज केला नाही.

वर राहिल्या त्या मायनं आवळून बांधलेल्या कडब्याच्या पेंढ्या. अक्का त्यांच्यावर पालथी होऊ शकत नव्हती, म्हणून दादांनी तिला कुशीवर टेकवलं, तिचा हात चऱ्हाटात अडकवला आणि स्वतः मागून ढकलू लागले. मी? विहिरीतली पट्टीची पोहणारी मी, चऱ्हाट दोन्ही हातांनी धरून, डोळे मिटून, "म्हसोबा, म्हसोबा" करत होते. डोळे उघडले तेव्हा पेंढीच्या टोकावर एक विरोळा येऊन बसला होता. पाणसापाला विष नसतं हे मी पोरींना मोठ्या ऐटीत सांगत असे. तो माझ्याकडे पाहत राहिला, मी त्याच्याकडे. जागा सोडायला दोघांपैकी कोणीच तयार नव्हतं.

पण खरी भीती ती नव्हे. आमच्या काठावरच्या माणसांनी गाडी बुडताना पाहिली. एकच आरडाओरडा झाला आणि सगळी माणसं पळत सुटली, खाली, गंगेच्या अंगाला. तिथं पुढच्या वळणावर पात्र अरुंद होतं आणि वाहून आलेलं काहीही तिथंच धरायचं, ही गावाची रीत. आम्ही मात्र अंबडकडे चाललो होतो. मला त्यांच्या पाठी दिसत होत्या, लहान लहान होत चाललेल्या. दादा ओरडत होते, "आरं, हिकडं! हिकडं!" पण तोंडात पाणी जात होतं आणि त्यांचा आवाज पेंढ्यांच्या पलीकडेही पोचत नव्हता. जन्मापासून जी नदी एका बाजूला जाताना पाहिली, ती दुसऱ्या बाजूला चालली होती. जी माणसं मला वाचवणार, ती माझ्यापासून लांब पळत होती. मला वाटलं, आपण मेलोय आणि मेल्यावर सगळं असंच उलटं दिसत असेल.

खाली गंगेला मोठा पूर आला होता. तिनं वाकीचं तोंड दाबून धरलं होतं आणि तिचं पाणी मुक्यानं आमच्या नदीत वर चढत होतं. हे आज मी दोन वाक्यांत लिहिते. परवा नातीच्या गाडीतून नवीन जालन्याहून गावाकडे गेले तर तिथं आता पूल आहे आणि खाली बंधारा. मी गाडी थांबवायला लावली, गुडघे धरत उतरले आणि कठड्यावरून पान सोडलं. ते जागचं हललंच नाही. नात म्हणाली, "आजी, काय करून राह्यलीस?" म्हटलं, "पाणी बघते." तिनं फोटो काढला.

पाण्यानं आम्हाला वळवलं आणि लेंडीच्या तोंडात नेलं. तिथं काठच्या बाभळी निम्म्या बुडालेल्या होत्या. आणि त्यातल्या एका बाभळीला एका हातानं कवटाळून, छातीएवढ्या पाण्यात, ठकूआत्या उभी होती. जी विहिरीवर धुणं धुवायची, ती. तिनं अर्धंअधिक सोडलेलं लुगडं दुसऱ्या हातात होतं, अंगावर नुसती चोळी आणि काष्ट्याचा उरलेला वेढा, आणि तोंडानं शिव्यांचा पट्टा. "आगं ए बबे! झोपलीस का मेलीस? पाय मार की, भवाने! धर, धर हे!" लुगड्याचं टोक माझ्या तोंडावर येऊन आदळलं. मी ते दातात धरलं, कारण हात चऱ्हाटाला चिकटले होते. "हातानं, येडे, हातानं!" दादांनी टोक पकडलं. तिनं ओढलं. आम्ही बाभळीत शिरलो, काट्यांनी ओरबाडलो. "काटे बघू नका! फांदी धरा! पोरीला वर घ्या आदी, पोट सांभाळा!" तिच्या दंडावरून रक्ताच्या धारा वाहत होत्या आणि ती एकेकाला बांधावर ओढून काढत होती, ओली गोणी ओढावी तशी. विरोळा आमच्या आधीच उतरून गेला.

बांधावर अक्का पोटावर दोन्ही हात ठेवून बसली. मग ती एकदम हसली आणि रडायला लागली. "हाललं," ती म्हणाली. "लाथ मारली." आत्यानं तिथंच हात टेकवून पाहिला आणि मग पहिल्यांदा ती खाली बसली. खाली लांबून माणसांच्या हाका येत होत्या, अजून गंगेच्याच बाजूनं.

आत्यानं माझ्या पाठीत एक धपाटा घातला. "पान सोडलं व्हतं का?"

"सोडलं व्हतं."

"मंग?"

"माघारी आलं."

"मंग?"

मी दादांकडे पाहिलं. दादा थोरले गृहस्थ, पंचांत बसणारे, पण त्या वेळी मान खाली घालून परकरातल्या पोरीएवढे झाले होते. "वारं वाटलं, ताई," ते म्हणाले.

ठकूआत्यानं त्या बाभळीकडे पाहिलं. "त्यांना बी वारंच वाटलं असंल," ती म्हणाली. "पोळ्यासाठी मला न्यायाला येऊन राह्यले व्हते. असंच ऊन व्हतं. असंच गप पानी. सगळं गाव खाली हुडकत पळालं. मी बी खालीच पळाले, गंगेपोतर गेल्ते अनवानी. दोन दिस खालीच हुडकलं." तिनं लुगडं पिळलं. "घावले ते हितं. ह्याच बाभळीत. म्होरं कुनी तरी म्हनलं, जीव व्हता म्हनं बराच येळ, फांदी धरून व्हते. हाका मारल्या असत्याल."

दादांनी तिच्या पायांना हात लावला. तिनं पाय ओढून घेतले आणि म्हणाली, "उठा, पोरीला गार वारं लागंल."

त्या वर्षी आमचे बैल धुवावे लागले नाहीत. ते आपले आपण पोहून, चरत चरत घरी आले होते, आणि मायनं आम्हाला पाहायच्या आधी त्यांना पाहिलं. त्या तेवढ्या वेळाबद्दल ती पुढं कधीच बोलली नाही. दोन महिन्यांनी अक्काला मुलगी झाली. मी सुचवलं की नाव लेंडी ठेवा, तर अक्कानं बाळंतिणीच्या खाटेवरून पाण्याचा तांब्या फेकून मारला. गंगा ठेवायला कुणी तयार नव्हतं.

पण त्याआधी पोळा झाला. दुसऱ्याच दिवशी. अंगभर ओरखडे, घसा बसलेला, तरी मायनं पुरण शिजवलं. जेवणं झाली आणि आत्या फडकं घेऊन उठली. या वेळी तिनं मला हाक मारली. "चल, शेण बघून येऊ." मी तिच्या मागे गेले. पाणी उतरलं होतं. बाभळीच्या फांद्यांत आमचा कडबा अडकलेला होता आणि काल सोडलेल्या लुगड्याचा एक फाटका काठ. आत्यानं बुंध्याशी बसून फडकं सोडलं. पोळीचे दोन तुकडे केले, तूप त्यावर नीट पसरवलं, एक तुकडा बाभळीच्या मुळाशी ठेवला आणि डोळे मिटून काहीतरी पुटपुटली. ते ऐकायची हिंमत मला झाली नाही.

मग तिनं दुसरा तुकडा माझ्यापुढे धरला.

"घे," ती म्हणाली. "गावभर सांगत फिरतीस न्हवं, आत्या चोरून खाते म्हनून? आता तू बी खा."